न ऐकलेला बेसूर

"मला गाता येत नाही," असं सरळ सांगणारा मराठी माणूस मला अजून भेटायचा आहे. पोहता येत नाही, मोटार चालवता येत नाही, इन्कमटॅक्सचा फॉर्म भरता येत नाही, हे सगळं माणसं मोकळ्या मनाने सांगतात. गाण्याचा विषय निघाला की मात्र प्रत्येकाचं उत्तर एकच, "आज जरा घसा बसलाय." म्हणजे एरवी तो उभा असतो आणि आज नेमका दमून बसला आहे, असा आपण समज करून घ्यायचा.

पूर्वी अशा मंडळींची सोय न्हाणीघरात होत असे. बादली, तांब्या आणि चार भिंती एवढाच श्रोतृवर्ग, आणि त्यातलं कुणी उठून जाऊ शकत नसे. आता कराओके आलं. वाद्यं यंत्रात तयार, शब्द पडद्यावर तयार, सूर तेवढा घरून आणायचा. आणि नेमका तोच माणूस घरी विसरून येतो. आमच्या बँकेच्या स्नेहसंमेलनात हा प्रकार दरवर्षी होतो. त्यात मी एक गोष्ट बारकाईने पाहून ठेवली आहे. साहेब गायले की वन्समोअर येतो. शिपाई गायला की कार्यक्रमाला उशीर झालेला असतो. दोघांचा सूर म्हणाल तर एकाच खाणीतला दगड. पण निकाल दोन.

हे सगळं आठवायला कारण झाला एक सिनेमा. साधासुधा नव्हे, शंभर वर्षांहून जुना. चार्ली चॅप्लिनचा 'अ नाइट इन द शो'. एसॅने कंपनीने तो १९१५ साली, २० नोव्हेंबरला, लोकांसमोर आणला. दोन रिळांचा कारभार. आमच्याकडे एक ड्राफ्ट काढायला जेवढा वेळ लागायचा, त्याच्या आत संपतो. तो मुका आहे, काळा-पांढरा आहे, आणि त्यात लोक एकमेकांच्या अंगावर पडतात, पाणी उडवतात, खाण्याच्या वस्तू फेकतात. गोष्ट अशी म्हणाल तर नाहीच. एका संध्याकाळी एका नाटकगृहात काही फालतू कलावंत आपापले खेळ करतात आणि दोन दारुडे प्रेक्षक त्या खेळांचा बोजवारा उडवतात. संपलं.

मूळ माल चॅप्लिनचा नव्हे. इंग्लंडात फ्रेड कार्नो नावाचा एक खटपट्या मालक होता. त्याच्या कंपनीचं 'ममिंग बर्ड्‌स' नावाचं एक मूक प्रहसन १९०४ पासून गाजत होतं. त्यात रंगमंचावर आणखी एक छोटा रंगमंच मांडलेला असे. त्या आतल्या रंगमंचावर मुद्दाम टुकार गायक, टुकार जादूगार, टुकार पैलवान यायचे आणि शेजारच्या बॉक्समध्ये बसलेला एक झिंगलेला शिष्ट त्यांची दाणादाण उडवायचा. तो झिंगलेला शिष्ट म्हणजे तरुण चॅप्लिन. १९१० साली कार्नोची मंडळी अमेरिकेच्या दौऱ्यावर गेली, तेव्हा हा खेळ नाव बदलून तिथेही चालला. पुढे सिनेमावाल्यांची नजर चॅप्लिनवर गेली ती ह्याच दौऱ्यांच्या काळात. म्हणजे टुकार गाणाऱ्यांची टर उडवता उडवता हा माणूस जगप्रसिद्ध झाला. टुकार गाणाऱ्यांचं पुढे काय झालं, ह्याची नोंद कुठल्याही वहीत नाही.

सिनेमात चॅप्लिनने दोन कामं केली आहेत. खाली महागड्या खुर्च्यांत कोट-टाय घालून बसलेला मिस्टर पेस्ट, आणि वर गॅलरीत कामकरी वेषात लटकणारा मिस्टर राऊडी. पेस्टला कुठलीच खुर्ची पसंत पडत नाही. तो चार ठिकाणी बसतो, चार ठिकाणांहून उठतो, वादकांशी भांडण काढतो, बायकांच्या शेजारी जागा शोधतो. राऊडी बाटली घेऊन आलेला असतो आणि कठड्यावरून पडता पडता वाचतो. रंगमंचावर एक गारुडीण येते, तिचे साप सुटतात. मग डॉट आणि डॅश नावाचे दोन गवई येतात. हेच आपले नायक. ते तोंड उघडतात, छातीवर हात ठेवतात, डोळे मिटतात, आणि वरून त्यांच्यावर खाण्याच्या वस्तूंचा मारा सुरू होतो. शेवटी आग खाणारा एक प्रोफेसर येतो. ती आग पाहून राऊडी परोपकारबुद्धीने आग विझवायचा होजपाइप उचलतो आणि प्रोफेसरपासून पेस्टपर्यंत सगळ्यांना भिजवून काढतो.

मी हा सिनेमा पाहिला तो साखऱ्याला. साखरा हे हिंगोली जिल्ह्यातलं, सेनगाव तालुक्यातलं गाव. नावात साखर असली तरी आमच्या भागात बोलणं निघतं ते हळदीचं आणि सोयाबीनचं. त्यामुळे आमच्याकडे एखादा गवई पाडायचा झाला तर साधनांची पंचाईतच आहे. सोयाबीन फेकून लागत नाही, आणि हळद फेकली तर गायकाचा गैरसमज होऊन तो लग्नाला उभा राहायचा.

दुपारची जेवणाची सुट्टी होती, लाइट गेलेली होती आणि मोबाइल डब्याला टेकवून मी सिनेमा लावला होता. आमचे शिपाईमामा भाकरी मोडता मोडता वाकून बघायला लागले. डॉट-डॅशवर मारा सुरू झाला तसे ते म्हणाले,

"साहेब, ह्या दोघायला लोक कामून मारायलेत?"

"वाईट गातायत म्हणून, मामा."

"तुमाला आवाज आला का?"

"नाही. मुका सिनेमा आहे. आवाज नसतोच."

"मंग वाईट गायलेत हे कशावरून?"

"लोक मारतायत त्यावरून."

"आन् लोक कामून मारायलेत?"

"वाईट गातायत म्हणून."

मामांनी डब्याचं झाकण लावलं. "हे म्हंजे कर्जमाफीच्या यादीवानी झालं," ते म्हणाले. "यादीत नाव नाही, कारण अर्ज नाही. आन् अर्ज घेत नाहीत, कारण यादीत नाव नाही."

चॅप्लिनवर इंग्रजीत पुस्तकांच्या चळती आहेत. त्यांतल्या पंडितांना मामांचा हा प्रश्न सुचला असेल तर आनंद आहे. मला तरी तो ह्या सिनेमाचा गाभा वाटतो. बेसूर गवयावरचा सिनेमा, आणि त्यात बेसूर ऐकूच येत नाही! खुनाच्या खटल्यात प्रेत नसावं, तसला प्रकार.

आता मी पडलो कॉमर्सचा माणूस. आमच्या धंद्यात नमुना सही नावाची एक पवित्र वस्तू असते. खातं उघडताना माणूस एक सही देऊन ठेवतो. पुढे वीस वर्षांनी त्याचा चेक आला की ही सही त्या सहीशी ताडून पाहायची. लेजरं गेली, टोकनं गेली, सगळा कारभार संगणकात शिरला, पण सही ताडून पाहणं काही सुटलं नाही. एखादा म्हातारा खातेदार थरथरत्या हाताने सही करतो, ती जुळत नाही, आणि तो समोर प्रत्यक्ष उभा असूनही आम्ही त्याला म्हणतो, "बाबा, आणखी एकदा करा." इतके आम्ही कर्मठ. आणि इथे? गळ्याचा नमुना नाही, ताडून पाहायला सूर नाही, आणि तरी मी डॉट-डॅशचा चेक ताबडतोब 'बेसूर' असा शेरा मारून परत केला होता. कुणाच्या सहीवर? एका दारुड्याच्या!

ही चॅप्लिनची हातचलाखी आहे आणि ती मूकपटातच साधते. समजा हा बोलपट असता. मग एक खराखुरा वाईट गवई शोधून आणावा लागला असता. तो वाईट म्हणजे किती वाईट? माझ्या कानाला जो असह्य, तो तुमच्या कानाला "बरा आहे की हो" वाटतो. थिएटरात भांडणं लागली असती. शिवाय प्रत्येक बेसूर गवयाला एक आई, एक बायको आणि एक शेजारचा सोसायटीचा चेअरमन असे तीन हमखास चाहते असतात. मूकपटात ही भानगड नाही. पडद्यावरचा माणूस नुसतं तोंड उघडतो, आणि त्या तोंडात कुठला आवाज घालायचा ते आपलं आपण ठरवतो. प्रत्येक जण आपल्या ओळखीतला सर्वांत भयंकर गवई त्या तोंडात घालतो. माझ्यापुरतं सांगायचं तर डॉटच्या तोंडी आमचे साहेब होते. तुमच्या डॉटच्या तोंडी कोण आहे ते मी विचारत नाही. घरोघरी मातीच्या चुली.

त्या काळी सिनेमा मुका असला तरी थिएटर मुकं नसे. आपल्याकडेही पडद्याच्या पुढे पेटी-तबलेवाले बसत आणि चित्र पाहून वाजवत. म्हणजे पडद्यावरचा गवई बेसूर म्हणून मार खातोय, आणि त्याच वेळी खरी पेटी खाली कुणीतरी वाजवतोय! तो पेटीवाला जर कच्चा असला, तर पडद्यावरचा मार चुकीच्या माणसाला बसतोय असं एखाद्याला वाटलंही असेल.

पुढे आवाज आला. मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये १४ मार्च १९३१ ला 'आलम आरा' लागला, आणि १९३२ साली 'प्रभात'ने 'अयोध्येचा राजा' हा मराठीतला पहिला बोलपट काढला. त्यात हरिश्चंद्र झाले होते गोविंदराव टेंबे. पेटीवर हुकमी हात असलेला, चाली बांधणारा माणूस राजा झाला, ह्यातच काळ कसा बदलला ते आलं. राजाला राज्य सोडताना सुरात सोडावं लागू लागलं. पण हे सुराचं राज्यही फार दिवस टिकलं नाही. १९३५ साली कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने पार्श्वगायनाची युक्ती काढली, आणि नट पुन्हा मुका झाला. तो नुसतं तोंड हलवणार, गळा दुसऱ्याचा. आपण आयुष्यभर पडद्यावर जे गाणारे पाहिले, ते बहुतेक सगळे डॉट आणि डॅशच. फरक इतकाच, की त्यांच्या खात्यात दुसऱ्याने पैसे भरले होते.

आता त्या दोन दारुड्यांकडे वळू. माझ्या मते सिनेमाची खरी मेख तिथे आहे. चॅप्लिनला त्या गवयाचं काम करता आलं नसतं का? हावभाव, पडणं, उठणं ही त्याच्या डाव्या हाताची कामं. नाटकमंडळीतला कुठलाही नट प्रथम रंगमंचावरची जागा मागेल. ह्याने काय केलं? रंगमंच दुसऱ्यांना दिला आणि आपण स्वतः प्रेक्षागृहात जाऊन बसला. तेही दोन ठिकाणी. एक पोटाशी घडीची मलमली शिष्टाई बाळगणारा, दुसरा बाटली बाळगणारा. एक कलेचा जाणकार म्हणून नाक मुरडतो, दुसरा सरळ हाताला येईल ते फेकतो. आणि दोघांचा चेहरा एकच! बँकेच्या भाषेत सांगायचं तर खातेदार एक, खाती दोन; एक चालू, एक बचत. तिकिटाचा दर तेवढा निराळा. वरचा जे फेकून बोलतो, तेच खालचा भुवया उंचावून बोलतो.

आपल्या संगीत नाटकांचे प्रेक्षकही असेच दोन मजली होते. १८८२ साली किर्लोस्करांचं 'सौभद्र' आलं तेव्हापासून महाराष्ट्राने नाटक पाहायच्याऐवजी ऐकायला सुरुवात केली. बालगंधर्वांचं पद झालं की वन्समोअर, वन्समोअरवर वन्समोअर, आणि नाटक संपेपर्यंत पहाट. कृष्णाला रुक्मिणी वेळेवर मिळाली काय आणि न मिळाली काय, कुणाला घाई नव्हती. पण जे लोक वन्समोअर देत, तेच लोक हुर्योही देत. वन्समोअरच्या आठवणी आपण जपून ठेवल्या, कारण त्या गंधर्वांच्या होत्या. ज्यांना हुर्यो मिळाली, त्यांच्या आठवणी कोण लिहिणार? गावोगावच्या कंपन्यांत तिसऱ्या अंकात येऊन एक पद म्हणणारे किती तरी सेवक, दूत आणि ऋषिकुमार असतील. पद म्हटलं, ओरडा झाला, विंगेत गेले, मिशी उतरवली. डॉट आणि डॅश.

सिनेमावर टीका करायची तर जागा भरपूर आहे, आणि ती न करता नुसती आरती ओवाळली तर ते परीक्षण न होता सत्कार समारंभ होईल. हा सिनेमा काही चॅप्लिनच्या थोर कृतींत बसणारा नाही. लठ्ठ बाई दिसली की हसा, लठ्ठ पोरगा दिसला की हसा, अशी त्याची एक तऱ्हा आहे, ती आज खुपते. गॅलरीत एक गोरा नट तोंडाला काळं फासून बसवलेला आहे. त्या काळी ते सर्रास चाले, आज पाहताना मान वळवावीशी वाटते. शिवाय विनोदाची मांडणी सरळ यादीसारखी आहे. एक खेळ, एक दंगा. दुसरा खेळ, दुसरा दंगा. चढ नाही, उतार नाही. आमच्याकडे दिवसभराची व्हाउचरं अशी एकाखाली एक लावतात, पण त्यांची शेवटी बेरीज तरी करतात.

माझी मोठी तक्रार निराळीच आहे. मारा झाल्यावर डॉट आणि डॅश निघून जातात, आणि कॅमेरा त्यांच्या मागे जात नाही. विंगेत गेल्यावर ते एकमेकांशी काय बोलले? त्या रात्रीचे पैसे त्यांना मिळाले का? घरी गेल्यावर "कसा झाला कार्यक्रम?" असं कुणी विचारलं असेल, तर त्यांनी "घसा बसला होता" असंच सांगितलं असेल का? चॅप्लिनला हे दिसत नव्हतं असं म्हणावं, तर तसंही नाही. विंगेत काय होतं ते त्याच्याइतकं जवळून फार थोड्यांनी पाहिलं असेल.

ती हकीकत त्याने स्वतःच आपल्या आत्मचरित्रात सांगितली आहे. पुस्तक १९६४ चं, हकीकत १८९४ च्या सुमाराची. चार्ली पाच वर्षांचा होता. आई हॅना, रंगमंचावरचं नाव लिली हार्ली, गायिका होती. तिचा घसा वरचेवर दगा देऊ लागला होता. ऑल्डरशॉट इथे, सैनिकांनी भरलेल्या थिएटरात ती गात असताना आवाज चिरकला. लोक ओरडू लागले, तिच्या आवाजाची नक्कल करू लागले, आणि तिला आत यावं लागलं. विंगेत पोरगं उभं होतं. मॅनेजरने त्याला कधीतरी आईच्या मैत्रिणींसमोर काहीबाही करताना पाहिलं होतं. त्याने त्याचा हात धरला, रंगमंचावर नेऊन उभं केलं आणि आपण निघून गेला. पोराने गाणं सुरू केलं. अर्धं गाणं झालं नाही तोच नाण्यांचा पाऊस सुरू झाला. पोरगं थांबलं आणि त्याने जाहीर केलं की आधी मी पैसे गोळा करणार, मग गाणार. लोक हसले. मॅनेजर रुमाल घेऊन नाणी वेचायला आला, तर पोराला वाटलं हा पैसे घेऊन पळणार. ते त्याच्या पाठोपाठ विंगेपर्यंत गेलं आणि रोकड आईच्या हातात पडल्याची खात्री करूनच परतलं.

इथवर कुठल्याही कॅशियरची छाती अभिमानाने फुगावी. पाचव्या वर्षी रोखीची एवढी समज! पण पुढचा भाग असा, की त्या भरात पोराने आईची गाणीही म्हटली, आणि म्हणता म्हणता तिच्या चिरकलेल्या आवाजाची हुबेहूब नक्कल केली. थिएटर कोसळलं. आणखी पैसे. आई त्याला आत न्यायला आली तेव्हा तिला टाळ्या मिळाल्या. त्या रात्री तो पहिल्यांदा रंगमंचावर उभा राहिला आणि ती शेवटची, असं त्याने लिहून ठेवलं आहे.

हे एकदा वाचलं की १९१५ चा तो सिनेमा पहिल्यासारखा दिसत नाही. सैनिक ज्या आवाजाला हसले, त्याच आवाजाला पोरगंही हसवत होतं. न समजून, निष्पापपणे, पण पैसे मोजून घेऊन. आता तोच पोरगा सव्वीस वर्षांचा होऊन प्रेक्षागृहात बसला आहे, दोन चेहरे लावून, आणि रंगमंचावर कुणीतरी गात आहे. ह्या वेळी फेकणाऱ्यांत तो आहे. त्याने गवयाला आवाज दिला नाही, त्याचं तांत्रिक कारण उघड आहे. तरी मला आपलं वाटत राहतं, की त्या माणसाला चिरकलेला आवाज पुन्हा ऐकायचा नसणार. तांत्रिक सोय आणि मनाची सोय कधी कधी एकाच खात्यात जमा होतात.

हे माझं मनचं नाही, ह्याला पुढच्या काळातला एक पुरावा आहे. १९२७ साली हॉलिवूडमध्ये बोलपटाची लाट आली, ती 'द जाझ सिंगर' नावाच्या, एका गवयाच्याच सिनेमाने. सगळे बोलू लागले, चॅप्लिन हटून बसला. १९३१ चा 'सिटी लाइट्स' त्याने संगीत ठेवून पण संवाद टाळून केला. शेवटी १९३६ च्या 'मॉडर्न टाइम्स'मध्ये त्याच्या त्या भटक्याचा आवाज जगाने पहिल्यांदा ऐकला. कुठे? तर रंगमंचावर! भटक्या एका हॉटेलात वेटर आहे आणि त्याच्यावर गायची पाळी येते. शब्द पाठ नाहीत म्हणून ते शर्टाच्या कफांवर लिहून दिलेले आहेत. तो ऐटीत हात पसरतो, आणि कफ उडून जातात. आता हा पूर्ण नादार. शब्द नाहीत, तयारी नाही, समोर लोक. मग तो कुठल्याच भाषेचे नसलेले शब्द बनवून गातो, सोबत हातवारे करतो, आणि हॉटेल टाळ्यांनी दणाणतं.

हे दोन सिनेमे शेजारी ठेवून पाहा. १९१५ साली गाणं ऐकू येत नाही आणि लोक फळं मारतात. १९३६ साली गाणं ऐकू येतं, त्यातलं अक्षर कळत नाही, आणि लोक टाळ्या देतात. गाण्याचा दर्जा दोन्हीकडे गुलदस्तातच. बदललेत ते ऐकणारे. आणि ह्या वेळी कॅमेरा कुठे आहे? गाणाऱ्याच्या बाजूला. एकवीस वर्षांनी चॅप्लिन खुर्चीतून उठला आणि डॉटच्या जागेवर जाऊन उभा राहिला.

आज टीव्हीवर गाण्याच्या स्पर्धा असतात. त्यांच्या निवडफेऱ्यांत एक-दोन बिचारे मुद्दाम दाखवतात. दूरच्या गावाहून आलेला, इस्त्रीचा शर्ट घातलेला मुलगा डोळे मिटून गातो, परीक्षक तोंडाला रुमाल लावतात, मागे 'टॉइंग' असा आवाज वाजतो. घराघरातले पेस्ट आणि राऊडी सोफ्यावर लोळत हसतात. फळं तेवढी फेकत नाहीत. फळांचे भाव पाहता ते परवडतही नाही. त्या मुलाला मात्र आवाज आहे, आणि तो मोबाइलवरून वर्षानुवर्षं फिरत राहतो. डॉट नशीबवान. त्याची फजिती मुकी आहे.

मग बेसूर माणसाने जायचं कुठे? ह्या प्रश्नाचं एक उत्तर आमच्या भागात फार जुनं आहे. साखऱ्यासारख्या गावात सप्ताह बसतो तेव्हा तिथे रंगमंच आणि प्रेक्षागृह अशी फाळणी नसते. विणेकरी असतो, मृदंग असतो, गाणारे दोन-चार असतात, आणि मागे टाळकऱ्यांची रांग. ज्याला गळा आहे तो पुढे चाल धरतो. ज्याला नाही तो टाळ धरतो आणि मागून ओढतो. चाळीस जणांच्या आवाजात चार बेसूर असे विरघळून जातात, की कुठल्या चेकवर कुणाची सही होती ते ब्रह्मदेवालाही ताडता येऊ नये. आमच्या शाखेतले मामा तीस वर्षं टाळकरी आहेत. त्यांचा सूर कसा आहे, कुणाला ठाऊक नाही. कुणी विचारलेलं नाही.

आणि एक गोष्ट तर आमच्याच जिल्ह्यातली. नर्सी हे नामदेवांचं जन्मगाव मानतात, आणि औंढा नागनाथही इथलंच. आख्यायिका अशी, की नामदेव औंढ्याला देवासमोर कीर्तनाला उभे राहिले तेव्हा पुजाऱ्यांनी त्यांना हटकलं: इथे नको, मागे जा. नामदेव देवळाच्या मागे गेले आणि तिथे गायला लागले. तेव्हा सबंध देऊळ फिरलं आणि त्यांच्याकडे तोंड करून उभं राहिलं. नंदी मात्र जागच्या जागी राहिला, म्हणून तो आजही मागच्या बाजूला आहे, असं जाणाऱ्या-येणाऱ्याला दाखवतात. नामदेवांना मागे पाठवलं ते गळ्यासाठी नव्हे, हे खरंच. पण ह्याही गोष्टीत त्यांचा आवाज कसा होता, हे कुणीच सांगत नाही. ऐकणारा कुठल्या दिशेला तोंड करून बसला, एवढंच सांगतात.

देऊळ फिरणं ही नामदेवांची पुण्याई. ती डॉट आणि डॅशकडे कुठून असणार? त्यांच्यासाठी फिरला तो राऊडीचा होजपाइप. रंगमंचावरून वळून त्याने पेस्टला, शिष्टांना, हसणाऱ्यांना, नाक मुरडणाऱ्यांना सरसकट भिजवलं. एवढा न्याय चॅप्लिनने त्या दोघांना मिळवून दिला. तो पुरेसा आहे की नाही हे मी सांगत नाही. पुढच्या स्नेहसंमेलनात शिपाईमामांना गाण्यासाठी पंधरा मिनिटं राखून ठेवावीत, असा अर्ज मात्र मी दिला आहे. त्यावर साहेबांची सही व्हायची आहे, आणि ती नमुन्याशी ताडून घ्यायला मी तयार बसलो आहे.